सासऱ्यांचा मास्क आणि सुकेळ्यांचा डबा

मी रागीट आहे. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढे मी कोणावर ओरडले तर वाचणाऱ्याला धक्का नको. लग्न ठरलं तेव्हा होळी गावातल्या आमच्या घरी, ओटीवर बसून माझ्या आईने सासूबाईंना सरळ सांगितलं होतं, "पोरगी कामाला वाघ आहे, पण राग नाकावर." सासूबाई हसून म्हणाल्या, "असू दे गो. आमच्या घरात एक नाक आधीच फार मोठं आहे, त्यात आणखी एक."

ते मोठं नाक म्हणजे माझे सासरे. दिसायला नव्हे हो, दिसायला चारचौघांसारखंच. पण वास घ्यावा तर त्यांनीच. आमच्या आगाशीच्या वाडीत राजेळी केळी आहेत. ती पिकली की सोलून उन्हात सुकवायची, त्यांची सुकेळी होतात. सुकेळं नेमकं कधी उचलायचं यावर सगळं असतं. एक दिवस आधी उचललं तर बुरशी, एक दिवस उशीर झाला तर चामडं. सासूबाई बोटाने दाबून बघायच्या. सासरे घरामागच्या शेडमधून नुसते ओरडायचे, "पहिली चटई आज उचला, दुसरीला उद्याचं ऊन लागेल." आणि तसंच असायचं! लग्नाच्या पहिल्याच महिन्यात मी आमटीत चुकून दोनदा हिंग टाकला, तर हे ओटीवरून विचारतात, "सूनबाई, हिंग स्वस्त झाला काय?" मला इतका राग आला होता. राग येण्याचं कारण म्हणजे ते बरोबर होते.

बाबांचा, म्हणजे सासऱ्यांचा, धंदा मात्र वाडीचा नव्हे, रंगाचा. तरुणपणी सातिवलीच्या एका गाळ्यात ते स्प्रे गन शिकले आणि मग घरामागे पत्र्याची शेड घालून स्वतःचं काम सुरू केलं. लोखंडी कपाटं, दारं, ग्रिल, कोणाचा पाळणा, कोणाची जुनी सायकल. कंप्रेसर सुरू झाला की शेडमधून रंगाचा ढग बाहेर यायचा आणि ढगातून बाबा. तोंडाला ओला रुमाल, डोळ्यांवर काही नाही, हातात काही नाही. काम संपलं की गुळाचा खडा तोंडात टाकायचे. रंगाची धूळ गूळ खाली ओढतो, छाती साफ होते, असं त्यांना त्यांच्या उस्तादाने सांगितलेलं. त्या गाळ्यात सगळेच खायचे म्हणे. मीही दोन वर्षं ऐकून घेतलं. गूळ पोटात जातो आणि रंग छातीत, दोघांची गाठ पडणार कुठे, हे विचारायला मला दोन वर्षं लागली. विचारलं तेव्हा बाबा म्हणाले, "तीस वर्षं खातोय. मेलो का?"

आता गंमत बघा. मी नोकरी करते सातिवलीतच, एका कारखान्याच्या स्टोअरमध्ये. माझं काम काय? कामगारांना हातमोजे, चष्मे, मास्क वाटायचे आणि वहीत सही घ्यायची. ज्याने मास्क घातला नाही त्याला मी अशी झापते की पुढच्या वेळी तो मी दिसले तरी मास्क चढवतो. दिवसभर परक्या लोकांच्या नाकांची राखण करायची आणि संध्याकाळी स्कूटीवरून घरी यायचं, तर घरचा माणूस ओला रुमाल बांधून रंगाच्या ढगात उभा. दिव्याखाली अंधार म्हणतात तो हाच.

बाबांचा वास कधी गेला ते आम्हाला कळलंच नाही. त्यांनी सांगितलं नाही. सुकेळ्यांबद्दल ओरडणं बंद झालं, तेव्हा आम्हाला वाटलं, वय झालं, कंटाळले असतील. सासूबाई पुन्हा बोटाने दाबून बघायला लागल्या.

आणि मग ती संध्याकाळ. मी कामावरून आले, स्कूटी अंगणात लावली, आणि पायरीवर पाय ठेवला तर गॅसचा भपकारा! नुसता वास नव्हे, घशाला लागणारा. सासूबाई देवळात गेल्या होत्या. दूध उतू जाऊन शेगडी विझली होती आणि गॅस तसाच चालू. आणि स्वयंपाकघराला लागूनच देव्हारा, त्याच्यासमोर बाबा उभे. एका हातात निरांजन, दुसऱ्या हातात काडेपेटी. काडी बाहेर काढलेली.

मी काय ओरडले मला आठवत नाही. शेजारणीने नंतर सांगितलं की तिला वाटलं साप निघाला. मी धावत जाऊन बाबांच्या हातावर चापट मारली. सासऱ्यांच्या हातावर! काडेपेटी उडाली, काड्या सगळीकडे. मी गॅस बंद केला, दारं-खिडक्या उघडल्या, त्यांना हाताला धरून अंगणात आणलं आणि विचारलं, "बाबा, तुम्हाला वास नाही आला?"

ते खाली बघत होते. हातावर माझ्या चापटीची लाली होती. म्हणाले, "मला दोन वर्षं कसलाच वास येत नाही गो."

माझा राग कुठल्या कुठे गेला. मी तिथेच पायरीवर बसले आणि रडले. भीतीने रडले. एक काडी, बस्स, एकच काडी मध्ये होती.

विरारच्या नाकाच्या डॉक्टरांनी नळी घालून बघितलं, धंदा विचारला आणि मान हलवली. म्हणाले, इतकी वर्षं थिनरची वाफ आत गेली, वासाच्या नसा मार खाऊन बसल्यात. सगळ्या मेल्यात असं नाही. आता वाफ आत जाणं बंद झालं तर थोडं काही परत येईल, पण मी शब्द देत नाही. अशीच वाफ जात राहिली तर मात्र विसरा. मग फक्त नाकाचं राहणार नाही, छातीचंही बघावं लागेल.

बाहेर आल्यावर कळलं की आम्ही तिघांनी तीन वेगळ्या गोष्टी ऐकल्या होत्या. बाबांनी ऐकलं, परत येईल. सासूबाईंनी ऐकलं, शब्द देत नाही. मी ऐकलं, विसरा.

"शेड बंद करा," सासूबाई रिक्षातच म्हणाल्या.

"बंद करून काय करू? ओटीवर बसून माशा मारू?" बाबा म्हणाले. आणि मला ते पटलं. हो, पटलं! ज्या माणसाचा हात गनवर असा फिरतो की कपाटाच्या दारात तोंड बघून भांग पाडावा, त्याला घरी कसा बसवणार? मी म्हटलं, "शेड चालू राहील. पण आजपासून माझ्या हुकमाने."

"कोरोनातले मास्क आहेत की कपाटात," बाबा म्हणाले.

"त्या कापडातून वाफ अशी जाते, जशी चाळणीतून ताक," मी म्हटलं. रिक्षावाला हसला.

दुसऱ्या दिवशी मी आमच्या कारखान्यात सेफ्टी बघणाऱ्या साहेबांना गाठलं. एरवी त्यांचं व्याख्यान सुरू झालं की लोक जांभया देतात, मीही देते. त्या दिवशी मी कागद-पेन घेऊन बसले. बिचारे इतके खूश झाले की जेवायची सुट्टी संपली तरी सांगतच होते. धुळीचा मास्क वेगळा, वाफेचा वेगळा. वाफेच्या मास्कला दोन बाजूंना दोन डबे असतात, त्यांत कोळशाची बारीक पूड असते, ती वाफ शोषते. डब्यांवर पांढरी गादी लावायची, ती रंगाचे कण अडवते. आणि मास्क चेहऱ्याला घट्ट बसला नाही तर एवढं सगळं करून उपयोग शून्य.

संध्याकाळी मी सेफ्टीच्या सामानाच्या दुकानात. खरं सांगते, लग्नाच्या साड्या घेताना मला इतका उत्साह आला नव्हता! रबराचा मास्क तीन मापांत असतो, मी बाबांचा चेहरा डोळ्यांसमोर आणून मधला घेतला. बाजूने बंद असलेला चष्मा. थिनरने विरघळत नाहीत असे निळे हातमोजे. डोक्यावरून टोपी येणारा पांढरा अंगरखा. कंप्रेसरच्या आवाजासाठी कानातले बोळे. दुकानदार म्हणाला, "मॅडम, किती कामगारांसाठी?" मी म्हटलं, "एकच आहे, पण फार हट्टी आहे."

घरी ओटीवर सगळं चढवायचा कार्यक्रम झाला. माझा नवरा मोबाइलवर शूटिंग करत होता. सासूबाई तोंडाला पदर लावून हसत होत्या, "अगो बाय, हे तर मधाचं पोळं काढायला आल्यासारखे दिसतायत!" आतून बाबा काहीतरी बोलले, पण मास्कमुळे नुसतं "बुंबुंबुं" ऐकू आलं, तसं सगळ्यांना आणखी हसू फुटलं.

मग मी साहेबांनी सांगितलेली परीक्षा घेतली. डब्यांवर तळहात दाबून धरायचे आणि श्वास आत ओढायचा. मास्क गालाला चिकटला की पास. बाबांनी ओढला. मास्क काही चिकटेना. पुन्हा ओढला. कडेने सूं सूं हवा आत. मी पट्टे आवळले तरी तेच. मग माझं लक्ष गालावर गेलं. खुंट! दोन दिवसांची पांढरी दाढी. खुंटांवर रबर बसतच नाही, फट राहते.

"दाढी करा," मी म्हटलं.

"आज गुरुवार."

आता हा नियम मला माहीत होता. सोमवार, गुरुवार, शनिवार दाढी करायची नाही, त्यांच्या वडिलांपासून चालत आलेलं. मीही देवाधर्माच्या मध्ये पडत नाही. मी म्हटलं, "मग गुरुवारी गन पण चालवायची नाही. घासायचं काम करा, पुट्टी मारा, पान खा."

"आठवड्यातले तीन दिवस गन बंद?"

"नाक दिलं तेव्हा वार बघून दिलं होतं का देवाने?"

बाबा अंगरखा उतरवून आत गेले. दोन दिवस माझ्याशी बोलले नाहीत. तिसरा दिवस शनिवार. सकाळी आरशासमोर साबणाचा फेस लावून उभे दिसले. माझ्याकडे न बघता म्हणाले, "मारुतीला सांगून आलोय."

मला त्यांचा इतका अभिमान वाटला की मी त्या दिवशी मुद्दाम गोड शिरा केला.

त्या दिवशी दुपारी शेडमध्ये पहिलं कपाट निळं झालं. टेबलफॅनचं तोंडही मी फिरवलं होतं. आधी तो समोरून वारा मारायचा, म्हणजे सगळा ढग यांच्याच तोंडावर. आता वारा पाठीकडून, रंग समोरच्या खिडकीतून बाहेर. तासाभराने बाबा बाहेर आले, मास्क काढला आणि नळावर जाऊन चूळ भरून थुंकले. मग ओरडले, "ए! सगळे इकडे या!" आम्ही धावलो. ते जमिनीकडे बोट दाखवत होते. "बघा. पांढरं!" तीस वर्षं ज्या रंगाचं कपाट त्या रंगाची थुंकी, हे त्यांना इतकं सवयीचं झालं होतं की साधी थुंकी बघून ते हरखून गेले होते. आम्ही चौघं त्या थुंकीभोवती उभे राहून बघत होतो. मला किळस येते एरवी. त्या दिवशी नाही आली.

तरी एक मोठी अडचण उरली होती, आणि ती फक्त आमच्याच घरात असू शकत होती. मास्कमधला कोळसा काही दिवसांनी भरतो, मग वाफ थेट आत येते. साहेब म्हणाले होते, तारीख घालून बदलत जा, आणि मध्येच मास्कमध्ये वास आला तर त्याच क्षणी काम थांबवून बदल. वास आला तर! ज्याचं नाकच गेलंय त्याला कसं कळणार? तो बिचारा भरलेल्या डब्यातून वाफ ओढत राहील आणि वरून म्हणेल, मी मास्क घातलाय.

मग घराचं नाक मी झाले. डब्यांवर मार्करने तारीख घालायची, आणि शिवाय दर रविवारी सकाळी मास्क पुसून मी स्वतः तोंडावर चढवायचा आणि थिनरचा डबा उघडून त्यावर वाकून श्वास घ्यायचा. वास नाही आला की अंगठा वर. बाबा कोर्टात निकाल ऐकायला उभे राहावेत तसे शेजारी उभे असायचे. आणि प्रत्येक रविवारी मग मी वाटीत चहापूड नाहीतर लसणीची पाकळी घेऊन त्यांच्या नाकाखाली धरायची. "काही?" "काही नाही." पुढच्या रविवारी पुन्हा. सात महिने काही नाही.

खंडेनवमीला मी माहेरी, होळी गावात गेले होते. तुम्हाला माहीतच आहे, त्या दिवशी ज्याची त्याची हत्यारं पुजायची. आमच्याकडे कोयते, कुदळ, कंप्रेसर, गन, सगळं धुऊनपुसून पाटावर. दुपारी घरच्या ग्रुपवर सासूबाईंनी फोटो टाकला. पाटावर गन, शेजारी चष्मा, आणि मधोमध मास्क! झेंडूचा हार घातलेला, दोन्ही डब्यांवर हळदकुंकवाचं बोट, समोर उदबत्ती. मी माझ्या आईला फोटो दाखवला, माझ्या भावाला दाखवला. "बघा आमच्याकडे सेफ्टीची पूजा होते!" मी त्या फोटोखाली चार लाल बदाम टाकले. चार!

दसरा झाला आणि दिवाळीची कामं सुरू झाली. एका बंगल्याची सगळी दारं आली होती. शुक्रवारी मी कामावरून लवकर सुटले, घरी आले तर बाबा शेडच्या दारात स्टुलावर बसलेले, डोकं दोन्ही हातांत धरून. चेहरा पांढराफटक. म्हणाले, "गरगरतंय. सकाळपासून डोकं ठणकतंय." मास्क गळ्यात लोंबत होता. मी तो ओढून घेतला, तोंडाला लावला, एक श्वास घेतला आणि थिनर सरळ माझ्या डोक्यात गेलं. मास्क म्हणजे नुसतं रबर उरलं होतं.

गेल्याच्या गेल्या रविवारी तर चांगला होता! मधला एकच रविवार मी माहेरी होते. मी डबे फिरवून बघितले. पांढऱ्या गादीच्या कडेला हळद, आणि खाली वाळलेल्या काळ्या पाण्याचे ओघळ.

"आई!" मी अशी ओरडले की केळीवरचे कावळे उडाले. "हे धुतलंत का तुम्ही?"

सासूबाई हात पुसत आल्या. "धुतलं म्हणजे काय, चांगलं साबणाने धुतलं. पूजेला मळकं कसं ठेवणार? केवढी घाण निघाली गो त्यातून! काळं पाणी, काळं पाणी, संपेचना. काथ्याने हलवून हलवून काढलं मी. अख्खी बादली काळी झाली तेव्हा कुठे निवळलं."

ती घाण नव्हती. तोच तर कोळसा होता.

मी बोलले. नको ते बोलले. तुम्ही त्यांचं नाक बादलीत ओतून मोरीत सोडलंत, असं बोलले. सासूबाईंचा चेहरा मी विसरू शकत नाही. त्यांनी पदर तोंडाला लावला, या वेळी हसण्यासाठी नाही. म्हणाल्या, "मी तर म्हटलं, इतकी घाण यांच्या छातीत जात होती, ती काढून टाकू."

तेवढ्यात स्टुलावरून बाबा म्हणाले, "तिला कशाला बोलतेस? फोटोत तूच बदाम टाकलेस ना?"

तोंडात मारल्यासारखं झालं. फोटोत हळद दिसत होती, ओले डबे दिसत होते, समोर उदबत्तीचा धूर दिसत होता. दिवसभर लोकांना मास्क वाटणारी मी, आणि मी काय बघितलं? झेंडू! मी सासूबाईंचे पाय धरले. त्यांनी मला उठवलं नाही लगेच, थोडा वेळ तसंच राहू दिलं, आणि ते बरोबरच होतं.

बाबांना मोकळ्या हवेत बसवून, डॉक्टरांना दाखवून, दोन दिवसांत बरं वाटलं. पण रविवारी चहापूड त्यांच्या नाकाखाली धरताना माझ्या मनात एकच होतं. सात महिन्यांचं जपलेलं दोन-तीन दिवसांत गेलं असेल तर?

"काही?"

"काही नाही."

सोमवारी सासूबाईंनी एक गोष्ट केली. त्यांच्याकडे माहेरून आणलेला स्टीलचा डबा होता, क्लिपने बंद होणारा, झाकणाला जाड रबरी रिंग. मुंगी शिरत नाही त्यात, की दमट हवा शिरत नाही. वर्षानुवर्षं सुकेळी त्यातच. तो डबा त्या कोणाला हातही लावू देत नसत. त्यांनी तो रिकामा केला, लिंबू लावून घासला, दोन दिवस उन्हात ठेवला आणि माझ्यासमोर आणून ठेवला. "तू म्हणालीस ना, मास्क उघडा राहिला तरी कोळसा हवेतलंच ओढत बसतो. ह्यात ठेव. काम झालं की मी स्वतः बंद करीन." सुकेळी गेली साध्या बरणीत. आणि पुढच्या खंडेनवमीला पाटावर तो बंद डबा बसला. हळदकुंकू डब्याला, हार डब्याला, क्लिप उघडायची नाही. उदबत्ती अंगणात तुळशीपाशी. या वेळी मी घरीच होते, पहारा देत!

ही त्याच्या नंतरची गोष्ट, गेल्या दिवाळीच्या आधीची. शेडमध्ये दारांची रांग लागलेली. मला जबरदस्त सर्दी झाली होती. रविवारी सकाळी मी नेहमीप्रमाणे मास्क चढवला, थिनरवर वाकले, श्वास ओढला. काही नाही. अंगठा वर. डब्यांवरची तारीखही अजून आठवडाभर पुढची होती. मी आत येऊन आलं घालून चहा टाकला, मग दूध तापायला ठेवलं, आणि सगळे अंगणात चकल्यांच्या भाजणीचं धान्य वाळवत बसलो.

शेडमधून गनचा आवाज येत होता, आणि तो एकदम थांबला. दार उघडलं. बाबा बाहेर आले. अर्ध्या अंगाला मोरपिशी रंग, मास्क हातात. सासूबाई घाबरून उठल्या, "गरगरतंय का?" मी पळत त्यांच्याकडे गेले.

"वास," बाबा म्हणाले.

"काय?"

"थिनर! मास्कमध्ये थिनरचा वास येतोय!"

मी मास्क घेऊन हुंगला. मला डोंबल कळणार, माझं नाक चोंदलेलं! तेव्हा कुठे माझ्या डोक्यात उजेड पडला की सकाळचा माझा अंगठा त्या सर्दीचा होता. नवऱ्याने मास्क लावून बघितला आणि खोकतच काढला. "भरलाय. पूर्ण भरलाय." दिवाळीमुळे दुप्पट तास काम चाललं होतं, कोळसा आठवडाभर आधीच संपला होता. घराच्या नाकाला कळलं नाही. बाबांना कळलं.

मी अंगणात नाचले. खरंच नाचले, भाजणीच्या कडेकडेने, शेंबडं नाक पुसत. जगात कोणी थिनरच्या घाणेरड्या वासासाठी इतका आनंद केला नसेल. "पुन्हा सांगा बाबा, कसा वास?" "थिनरसारखा!" "कसा थिनरसारखा?" "अगो, थिनरसारखा थिनर!"

सासूबाई नाचल्या नाहीत. त्या आत जाऊन डबा घेऊन आल्या, नवे कोळशाचे डबे त्यातच पिशवीत बंद ठेवलेले असतात. क्लिप उघडली. बाबांनी पिशवी काढली आणि मग थांबले. झाकण उचलून नाकाशी नेलं. डोळे मिटले. पूर्वी वास घेताना मिटायचे तसेच.

"रिंगेत सुकेळी आहेत," ते म्हणाले. "अजून आहेत."

लिंबू लावून घासलेला, उन्हात तापवलेला, वर्षभर मास्क ठेवलेला डबा. सासूबाईंनी त्यांच्या हातातून झाकण घेतलं, रबरी रिंग नाकाला लावली आणि तशाच उभ्या राहिल्या. मला वाटलं, आता म्हणतील, भास आहे. त्या म्हणाल्या, "आहेत." आणि मग त्यांच्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं आणि त्यांनी ते पुसलंही नाही. बाबा त्यांच्याकडे बघत होते. काहीतरी बोलतील असं वाटलं, पण एकदम त्यांची मान घराकडे वळली.

"सूनबाई, आत दूध लागतंय."

आम्ही तिघंही धावलो. दूध खरंच लागलं होतं, पातेल्याच्या बुडाशी काळं. मी गॅस बंद केला. मग त्याच दुधात साखर घालून आम्ही चौघांनी ओटीवर बसून ते प्यायलं, आणि प्रत्येक घोटाला बाबा सांगत होते, "लागलेल्या दुधाचा वास येतोय हं."